आसन आणि राज्यघटना : आफ्रिकेतील परंपरागत नेतृत्वाच्या अभ्यासाची प्रस्तावना

मराठी वाचकाच्या मनात राजेरजवाड्यांचा विषय बराचसा मिटलेला आहे. १९४७ नंतरच्या दोन-तीन वर्षांत संस्थाने विलीन झाली, १९७१ च्या घटनादुरुस्तीने तनखे बंद झाले, आणि मागे उरले ते वाडे, दसऱ्याचे सोहळे आणि निवडणुकीला उभी राहणारी काही घराणी. अशा वाचकाला घानाच्या राज्यघटनेत परंपरागत प्रमुखांसाठी एक स्वतंत्र प्रकरण आहे आणि दक्षिण आफ्रिकेच्या राज्यघटनेतही आहे, हे कळले की नवल वाटते. ही दोन्ही प्रकरणे १९९० नंतरची आहेत, म्हणजे लोकशाहीची घडी नव्याने बसवतानाच ती मुद्दाम लिहिली गेली, हे कळल्यावर नवल वाढते. अनेक आफ्रिकी देशांत झालेल्या जनमत पाहण्यांत लोक निवडून आलेल्या प्रतिनिधींपेक्षा आपल्या परंपरागत प्रमुखावर अधिक विश्वास दाखवतात. असे का व्हावे, हा प्रश्न तुम्हाला क्षणभर जरी अडवून गेला, तरी पुढील पाने तुमच्यासाठीच आहेत.

या विषयाकडे येणारा नवा वाचक सहसा दोनपैकी एक धारणा घेऊन येतो. एक म्हणजे, प्रमुख हे मागासलेपणाचे अवशेष असून शिक्षण आणि रस्ते पोहोचले की आपोआप नाहीसे होतील. दुसरी म्हणजे, परकीयांनी येऊन मोडण्याआधी आफ्रिकेत झाडाखाली बसून सर्वसंमतीने निर्णय घेणारी एक निर्मळ लोकशाही होती आणि प्रमुख हे तिचे वारसदार आहेत. दोन्ही धारणांत थोडे तथ्य आहे, पण तेवढ्यावर अभ्यास उभा राहत नाही. वाचकांनी त्याऐवजी एकच प्रश्न सतत हाताशी ठेवावा : हा प्रमुख कोणाला उत्तर देतो? त्याला आसनावर कोण बसवते, आणि तो चुकला तर खाली कोण उतरवते? काळ आणि देश बदलले की या प्रश्नाचे उत्तर बदलते, आणि माझ्या मते या विषयाचा इतिहास म्हणजे त्या बदलांचाच इतिहास आहे.

प्रथम एक सावधगिरी. ‘आफ्रिकेतील परंपरा’ असे एकवचन वापरण्याचा मोह टाळावा. उत्तर नायजेरियात उस्मान दान फोदिओ यांच्या १८०४ च्या चळवळीतून उभी राहिलेली सोकोतोची खिलाफत होती, तिच्यात अमीर होते, काझी होते, अरबीतला पत्रव्यवहार होता. व्हिक्टोरिया सरोवराच्या काठी बुगांडाचे राज्य होते, तेथे राजाला कबाका म्हणत आणि त्याच्या हाताखाली प्रदेशवार अधिकाऱ्यांची उतरंड होती. त्याच खंडात इग्बो, तालेन्सी आणि नुएर यांच्यासारखे समाज वयोगट, कुळे, देवस्थाने आणि गावसभा यांच्या बळावर, बहुतेक ठिकाणी राजाविना, पिढ्यान्‌पिढ्या नीट नांदले. मायर फोर्टेस आणि इव्हान्स-प्रिचर्ड यांनी १९४० मध्ये संपादित केलेल्या ‘आफ्रिकन पोलिटिकल सिस्टिम्स’ या ग्रंथाने हा भेद अभ्यासकांपुढे ठळकपणे मांडला. त्यातले वर्गीकरण आता जुने झाले आहे. पण राजा नसणे म्हणजे व्यवस्था नसणे नव्हे, हा त्याचा धडा अजून उपयोगी पडतो.

उत्तरदायित्वाचा प्रश्न समजून घ्यायला असांते समाजाइतके समृद्ध उदाहरण क्वचित सापडेल. आजच्या घानाच्या मध्यभागी कुमासी हे त्यांचे मुख्य नगर. अठराव्या शतकाच्या आरंभी ओसेई तुतू आणि त्याचा धर्मगुरू ओकोम्फो अनोक्ये यांनी अनेक लहान राज्यांना एकत्र बांधले. या ऐक्याचे प्रतीक म्हणजे सुवर्णासन. ते आकाशातून उतरले अशी श्रद्धा आहे, त्यात साऱ्या असांते लोकांचा आत्मा वसतो असे मानतात, आणि त्यावर कोणी बसत नाही, खुद्द राजाही नाही. १९०० साली ब्रिटिश गव्हर्नर हॉजसन याने बसण्यासाठी ते मागितले तेव्हा एजिसूची राणीमाता याआ असांतेवा हिच्या नेतृत्वाखाली युद्ध पेटले. असांते हरले, ती सेशेल्सला हद्दपार झाली आणि तिथेच वारली, पण आसन ब्रिटिशांच्या हाती लागले नाही.

या आसनामागची व्यवस्था त्याच्या तेजाहून अधिक लक्ष देण्याजोगी आहे. असांते लोकांत वारसा आईकडून चालतो. गादी रिकामी झाली की राणीमाता राजकुळातून एक नाव सुचवते आणि जबाबदार सरदार ते स्वीकारतात किंवा नाकारतात. राणीमाता राजाची आईच असते असे नाही, बहीण किंवा मावशीही असू शकते. तिचे स्वतःचे आसन असते, आणि राजाला चारचौघांत बोल लावण्याचा अधिकार तिला असतो. नव्या प्रमुखाला शपथ घ्यावी लागते, आणि त्याने काय करू नये हे त्याला लोकांसमोर ऐकवले जाते. शपथ मोडली, सल्ला न घेता कारभार केला, आसनाची संपत्ती उधळली, तर त्याला आसनावरून उतरवता येते, आणि असे अनेकांना उतरवलेही गेले आहे. आर. एस. रॅट्रे यांनी १९२० च्या दशकात या साऱ्याची तपशीलवार नोंद केली. पुढे वेंचीच्या राजघराण्यातल्या कोफी बुसिया यांनी ऑक्सफर्डला याच विषयावर प्रबंध लिहिला. तो १९५१ साली ग्रंथरूपाने आला, आणि १९६९ ते १९७२ या काळात तेच बुसिया घानाचे पंतप्रधान होते. ज्या संस्थेत जन्मलो तिची अशी निर्भीड चिकित्सा करणारा राज्यकर्ता लाभणे ही कोणत्याही देशाला भूषणावह गोष्ट आहे. वाचकांनी बुसिया जरूर वाचावेत.

वसाहतकाळाने या व्यवस्थेचे नेमके काय केले? प्रमुखांना त्याने बहुतांशी संपवले नाही, उलट जागेवर ठेवले. मात्र ते ज्यांना उत्तर देत होते ती माणसे बदलली. फ्रेडरिक लुगार्ड हे या धोरणाचे मोठे नाव. त्यांचा जन्म मद्रासचा, आणि हिंदुस्थानातील संस्थानांत रेसिडेंट ठेवून राज्य करण्याची ब्रिटिश पद्धत त्यांच्या पिढीच्या अधिकाऱ्यांना चांगली परिचित होती. उत्तर नायजेरियात त्यांनी अमिरांना कायम ठेवून त्यांच्यामार्फत कर आणि न्याय चालवला. स्वतःचा विचार त्यांनी १९२२ च्या ‘द ड्युअल मँडेट’ या ग्रंथात मांडला. अमीर आधीपासून होते तेथे ही पद्धत चालून गेली. अडचण आली ती आग्नेय नायजेरियात, इग्बो मुलुखात, कारण तेथे अमीर नव्हतेच. मग सरकारने माणसे निवडली, त्यांच्या हाती अधिकारपत्र दिले आणि त्यांना ‘वॉरंट चीफ’ म्हटले. गावाने न निवडलेल्या आणि गावाला उतरवता न येणाऱ्या या माणसांच्या हाती न्यायालये आणि कर आले. १९२९ च्या अखेरीस स्त्रियांवरही कर बसणार अशी बातमी पसरली तेव्हा हजारो स्त्रिया रस्त्यावर उतरल्या. त्यांनी वॉरंट चीफांच्या दारात ठिय्या दिला, अधिकाराची खूण असलेल्या त्यांच्या टोप्या मागितल्या, न्यायालयांवर चाल केली. गोळीबारात पन्नासहून अधिक स्त्रिया मारल्या गेल्या. सरकारला ती पद्धत बदलावी लागली. ज्या वाचकांना इतिहासाआधी कथा हवी असते त्यांनी चिनुआ अचेबे यांची १९६४ ची ‘अॅरो ऑफ गॉड’ ही कादंबरी घ्यावी. इंग्रज अधिकाऱ्याने देऊ केलेले प्रमुखपद नाकारणारा पुजारी तिच्या केंद्रस्थानी आहे.

दक्षिण आफ्रिकेत हाच धागा अधिक क्रूर झाला. १९२७ च्या कायद्याने गव्हर्नर-जनरलला कृष्णवर्णीयांचा ‘सर्वोच्च प्रमुख’ ठरवले, म्हणजे प्रमुख नेमण्याचा आणि काढण्याचा अधिकार प्रिटोरियाकडे गेला. १९५१ च्या कायद्याने वर्णभेदी राजवटीने प्रमुखांनाच बांटुस्तानांचा, म्हणजे कृष्णवर्णीयांसाठी वेगळ्या काढलेल्या प्रदेशांचा, खांब केला. विरोध करणारे प्रमुख हटवले गेले, ऐकणाऱ्यांना पगार आणि पोलीस मिळाले. महमूद ममदानी यांनी १९९६ मधल्या ‘सिटिझन अँड सब्जेक्ट’ या ग्रंथात याचा अर्थ लावला आहे. त्यांच्या मते वसाहतीने माणसांचे दोन वर्ग पाडले : शहरात कायद्याखालचे नागरिक, आणि खेड्यात प्रमुखाच्या मुठीतले प्रजाजन. न्याय, कर, जमीन, सक्तीची मजुरी हे सारे त्या एका मुठीत आले. त्याआधी १९८३ मध्ये टेरेन्स रेंजर यांनी ‘परंपरा’ म्हणून आज सांगितल्या जाणाऱ्या कित्येक गोष्टी वसाहतकाळात घडवल्या गेल्या, असे दाखवून दिले होते. या दोघांच्या लेखनाने क्षेत्राची दिशा बदलली. माझे मत विचाराल तर ममदानींची मांडणी तीक्ष्ण आहे, पण ती सगळीकडे सारखी लागू पडत नाही. मुठीतही काही ठिकाणी लोकांनी बोटे उघडी ठेवायला लावली, आणि ती ठिकाणे शोधणे हे पुढच्या अभ्यासकांचे काम झाले.

बोत्स्वाना हे त्यांपैकी एक, म्हणून तेथे जरा रेंगाळू या. त्स्वाना गावाच्या मध्यभागी क्गोत्ला असते. लाकडी खुंटांच्या अर्धवर्तुळाकार कुंपणाने वेढलेली, गुरांच्या वाड्यालगतची ही बैठकीची मोकळी जागा. क्गोसी, म्हणजे प्रमुख, तेथे बसतो, सगळ्यांचे ऐकतो आणि शेवटी बोलतो. पूर्वी स्त्रियांना आणि कनिष्ठ मानलेल्या समूहांना तेथे बोलता येत नसे, हेही वाचकांनी विसरू नये. तरीही या जागेचे वजन किती होते ते १९४८-४९ च्या प्रसंगातून दिसते. बामांग्वातो या त्स्वाना समाजाच्या गादीचे वारस सेरेत्से खामा यांनी लंडनमध्ये रूथ विल्यम्स या गोऱ्या स्त्रीशी विवाह केला. राज्य सांभाळणारे त्यांचे चुलते त्शेकेदी यांनी विरोध केला. सेरोवेच्या क्गोत्लात सभा भरल्या. पहिल्या सभेत कौल विवाहाच्या विरोधात होता, दुसऱ्या सभेत मते फुटली, आणि जून १९४९ च्या सभेत हजारोंच्या जमावाने सेरेत्सेंनाच आपला क्गोसी मानले. लोकांनी उघड चर्चेत मत बदलले. ब्रिटिशांनी मात्र शेजारच्या वर्णभेदी सरकारची मर्जी राखण्यासाठी सेरेत्सेंना हद्दपार केले. १९५६ मध्ये ते गादीवरचा हक्क सोडून परतले, पुढे पक्ष काढला आणि १९६६ मध्ये स्वतंत्र बोत्स्वानाचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले.

गादीचा वारस असलेल्या या माणसाच्या सरकारने प्रमुखांकडून जमीन वाटपाचा अधिकार काढून घेतला. १९६८ चा जमीन कायदा झाला, १९७० पासून तो अमलात आला, आणि जमीन भूमी मंडळांकडे गेली. प्रमुखांच्या सभागृहाला सल्ला देण्यापुरते स्थान मिळाले. पण क्गोत्ला उरली. मंत्र्याला धोरण समजावायचे असेल तर आजही तो तेथे येतो आणि गावकऱ्यांची खरमरीत भाषा ऐकून घेतो. प्रथेची न्यायालयेही तेथेच भरतात, त्यांत वकील उभा राहत नाही. २००२ मध्ये बालेते लोकांनी मोसादी सेबोको यांना आपली क्गोसी केले, आणि बोत्स्वानात या पदावर प्रथमच स्त्री आली. पूर्वी ज्या जागी तिला बोलता आले नसते तेथे ती आता शेवटचा शब्द बोलते.

सगळीकडे असे सामोपचाराने झाले नाही. युगांडात बुगांडाचे कबाका मुतेसा दुसरे हे स्वतंत्र देशाचे राष्ट्राध्यक्षही होते. १९६६ मध्ये पंतप्रधानपदावरून सारी सत्ता हाती घेतलेल्या ओबोटे यांच्या फौजेने त्यांचा मेंगोचा राजवाडा फोडला, ते लंडनला पळाले आणि १९६९ मध्ये तेथेच वारले. १९६७ च्या घटनेने राज्येच रद्द केली. ती १९९३ मध्ये सांस्कृतिक संस्था म्हणून परत आली, आणि राजांनी पक्षीय राजकारणात पडू नये अशी अट आली.

घानातही स्वातंत्र्याच्या पहिल्या काळात क्वामे न्क्रुमांच्या सरकारने १९५९ च्या कायद्याने प्रमुखाला मान्यता देणे किंवा काढणे आपल्या हाती घेतले. तो अनुभव लक्षात ठेवून १९९२ ची राज्यघटना लिहिली गेली. प्रमुखाची मान्यता काढण्याचा अधिकार कोणाला देणारा कायदा संसदेलाही करता येणार नाही, असे तिचे २७० वे कलम सांगते. मोबदल्यात २७६ वे कलम प्रमुखाला सक्रिय पक्षीय राजकारण वर्ज्य करते. ते करायचे असेल तर आसन सोडावे लागते. पैशाची वाटणीही घटनेनेच लिहून ठेवली आहे. आसनाच्या जमिनीच्या उत्पन्नातून प्रशासकीय खर्चाचे १० टक्के वजा झाले की उरलेल्यातले २५ टक्के आसनाच्या इतमामासाठी, २० टक्के परंपरागत सत्तेला आणि ५५ टक्के जिल्हा सभेला जातात. घानाची बहुतांश जमीन प्रथेच्या मालकीची आहे, तेव्हा हे आकडे किरकोळ नाहीत. नव्या वाचकाने असे कोरडे कलम ओलांडून पुढे जाऊ नये. मिरवणुकीच्या छत्र्या आणि सोन्याचे अलंकार डोळ्यांत भरतात, पण संस्थेचे खरे बळ कळते ते अशा कलमांतून.

आधुनिक सत्ता आणि जुनी सत्ता एकमेकींना कशा पूरक ठरू शकतात याचे एक उदाहरण उत्तर घानातल्या दाग्बोन राज्याचे. तेथे आसनाऐवजी जनावराचे कातडे हे सत्तेचे चिन्ह. अबुदू आणि अंदानी या दोन शाखांतला वाद जुना. मार्च २००२ मध्ये येंदी येथे राजा याकुबू अंदानी दुसरा याची त्याच्या अनेक माणसांसह हत्या झाली. आणीबाणी लागली, चौकशी आयोग बसला, खटले झाले, पण राज्य राजाविना राहिले. अखेर सरकारने असांतेहेने, म्हणजे असांतेंचे राजे, ओसेई तुतू दुसरे यांच्या अध्यक्षतेखाली तीन थोर राजांची समिती नेमली. गाडे अडले होते ते अंत्यविधींवर. आधीच्या दोन्ही राजांचे अंत्यविधी रीतीप्रमाणे पुरे झाल्याखेरीज नवा राजा बसू शकत नव्हता, आणि कोणाचा विधी आधी करायचा, यजमानपद कोणाकडे, यावर वर्षानुवर्षे खल झाला. दोन्ही विधी पार पडले, आणि जानेवारी २०१९ मध्ये नवा राजा बसला. सतरा वर्षे लागली. न्यायालयाचा निकाल जे करू शकत नव्हता ते विधीच्या क्रमावर झालेल्या सहमतीने केले. पण सरकारचा पाठिंबा आणि बंदोबस्त नसता तर ती सहमतीही टिकली नसती.

याच्या शेजारी नायजेरियातले कानो ठेवून पाहावे. १९९९ च्या नायजेरियन घटनेत अमिरांना काही भूमिका नाही. त्यांचे सारे काही राज्य सरकारच्या कायद्यांवर चालते. केंद्रीय बँकेचे माजी गव्हर्नर सनुसी २०१४ मध्ये कानोचे अमीर झाले. राज्यपालाशी बिनसल्यावर २०१९ मध्ये त्यांच्या अमिरातीचे पाच तुकडे झाले, २०२० मध्ये त्यांना पदावरून काढले गेले, आणि सत्ताबदलानंतर २०२४ मध्ये पुन्हा बसवले गेले. हाताशी ठेवलेला प्रश्न येथे लावून पाहा, कानोचे उत्तर लगेच समोर येईल.

स्त्रिया आणि जमीन हा या क्षेत्राचा आजचा सर्वांत जिवंत भाग आहे, असे मला वाटते. दक्षिण आफ्रिकेच्या लिम्पोपो प्रांतात वालोयी समाजाच्या प्रमुखाला मुलगा नव्हता, म्हणून १९६८ मध्ये मुलीला डावलून पद त्याच्या भावाकडे गेले. समाजानेच पुढे ठराव करून त्या मुलीला, शिलुबाना यांना, पद द्यायचे ठरवले. चुलतभाऊ न्यायालयात गेला. २००८ मध्ये घटनात्मक न्यायालयाने निकाल दिला की प्रथा ही गोठलेली वस्तू नाही, आपली प्रथा विकसित करण्याचा अधिकार समाजाला आहे. दुसरीकडे, झुलू राजा ज्याचा विश्वस्त आहे त्या इंगोन्यामा न्यासाकडे क्वाझुलू-नाताळमधली सुमारे २८ लाख हेक्टर जमीन आहे. पिढ्यान्‌पिढ्या राहत्या घरांच्या जागेसाठी लोकांना भाडेपट्टे करायला लावणे बेकायदा असल्याचे उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ठरवले. तो लढा लढणाऱ्यांत ग्रामीण स्त्रियांची संघटना होती. आणि मलावीच्या देड्झा जिल्ह्यात तेरेसा काचिंदामोतो या प्रमुख स्त्रीने शेकडो बालविवाह रद्द केले, त्यांना मुभा देणाऱ्या गावप्रमुखांना पदावरून दूर केले. जुन्या पदाचा असाही उपयोग होतो.

मराठी वाचकाचा या विषयाशी एक थेट धागाही आहे आणि तो अभिमानाने सांगण्याजोगा आहे. औंध संस्थानाने १९३९ मध्ये स्वराज्याची घटना स्वीकारून सत्ता गावपंचायतींकडे सोपवली. त्या प्रयोगात वाटा असलेले राजपुत्र आप्पा पंत १९४८ ते १९५४ या काळात भारताचे आयुक्त म्हणून नैरोबीत होते, आणि आफ्रिकी नेत्यांशी असलेल्या त्यांच्या स्नेहाने ब्रिटिश अधिकारी अस्वस्थ झाले होते. सत्ता आपणहून प्रजेच्या हाती देणाऱ्या घराण्यातला माणूस आफ्रिकेच्या स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर तेथे होता, यावर मराठीत अजून सविस्तर लिहायला हवे. वर ज्यांचा उल्लेख आला ते ममदानीही जन्माने मुंबईचे आणि वाढले कंपालात. या क्षेत्रात आपण अगदीच परके नाही.

तर आरंभ कोठून करावा? इतिहास आवडणाऱ्यांनी असांतेपासून, कायदा आवडणाऱ्यांनी शिलुबाना निकालापासून, कथा आवडणाऱ्यांनी अचेबेपासून. नायजेरिया शेवटी ठेवावे, कारण अमीर, ‘ओबा’ म्हणवणारे राजे आणि राजाविना समाज हे सारे एकाच देशात असल्याने सुरुवातीलाच तेथे गेलात तर गोंधळ उडेल. नकाशा जवळ असू द्यावा, आणि त्यावर दोन प्रकारच्या सीमा पाहाव्यात : बर्लिनच्या परिषदेनंतर युरोपने आखलेल्या, आणि त्यांच्या आरपार जाणाऱ्या राज्यांच्या. नावे सुरुवातीला जड जातील. ती मोठ्याने वाचली की लवकर रुळतात. जेथे एखादा प्रमुख किंवा एखादा मंत्री ‘ही आमची परंपराच आहे’ असे म्हणताना आढळेल, तेथे थांबून ती परंपरा केव्हाची, ती कोणी लिहून ठेवली आणि त्या वेळी बैठकीत कोण हजर नव्हते, हे विचारावे. दक्षिण आफ्रिकेत परंपरागत नेतृत्वाविषयीचा २०१९ चा कायदा २०२३ मध्ये घटनात्मक न्यायालयाने अवैध ठरवला, तो नेमका याच कारणासाठी : ज्या गावांवर तो लागू होणार होता त्यांना संसदेने नीट विचारलेच नव्हते.